टेंपलला चर्च म्हणू नका, देऊळ म्हणा

अमेरिकेतल्या सॉल्ट लेक सिटीत मुलाकडे राहून आलेल्या एका वाचकांनी विचारलं आहे : ‘तिथल्या सहा मनोऱ्यांच्या त्या प्रसिद्ध इमारतीला आपल्याकडे कुणी मॉर्मन चर्च म्हणतं, कुणी मॉर्मन मंदिर. बरोबर काय? शिवाय भूमिपूजन, पायाभरणी आणि कोनशिला बसवणं या तीन गोष्टी एकच का?’

चर्च तर मुळीच नाही. (मॉर्मन म्हणजे अमेरिकेतला एक ख्रिस्ती पंथ.) किती वेळा सांगायचं? परवाच एका लेखात वाचलं, ‘मॉर्मन लोक दर रविवारी आपल्या टेंपलमध्ये प्रार्थनेला जमतात.’ अहो, रविवारी टेंपल बंद असतं! रविवारी ही मंडळी जमतात ती वस्तीतल्या साध्या सभागृहात, आणि तिथे तुम्हीआम्हीही जाऊन बसू शकतो. टेंपलमध्ये मात्र पंथातल्या माणसालासुद्धा शिफारसपत्र दाखवल्याशिवाय प्रवेश नाही, आणि ते पत्र मुलाखत दिल्यावर मिळतं. चर्च हे त्यांच्या संस्थेचं नाव आहे, टेंपल ही वास्तू. संप्रदाय आणि गाभारा यांतला फरक ज्याला कळतो त्याला हा कळायला हरकत नाही.

‘मंदिर’ चालेल. मराठी बायबलातही शलमोनाचं मंदिरच आहे. पण संस्कृतात मंदिर म्हणजे नुसतं घर, राहायची जागा. म्हणूनच विद्यामंदिर, नाट्यमंदिर सुखाने नांदतात, आणि ‘सौंदर्यमंदिर’ नावाचं केशकर्तनालय मी या डोळ्यांनी पाहिलेलं आहे. शब्द पार पातळ झाला आहे. मला विचाराल तर नेमका शब्द ‘देऊळ’.

का, ते सांगतो. देवकुल, त्याचं देउल, त्याचं देऊळ. राजकुलाचं राऊळ झालं तीच वाट. आता या ‘कुल’ला दोन अर्थ आहेत : घर आणि घराणं. भिंती-छप्परही कुल आणि आजा-पणजाही कुल. हिब्रूतल्या ‘बैत’चं अगदी असंच आहे. बैत म्हणजे घर, आणि दावीदाचं बैत म्हणजे दावीदाचं घराणं. मॉर्मनांचं पहिलं टेंपल ओहायोतल्या कर्टलंडला झालं, पण तेव्हा त्याला टेंपल असं फारसं कुणी म्हणत नव्हतं. ‘प्रभूचं घर’ म्हणत. दर्शनी भिंतीवरच्या पाटीवर तेच लिहिलेलं आहे. प्रभूचं घर म्हणजे देवकुल. शब्दाला शब्द. यापुढे खरं तर मी थांबायला हवं, पण खरी गंमत कुलाच्या दुसऱ्या अर्थात आहे.

कर्टलंडची वास्तू २७ मार्च १८३६ ला अर्पण झाली. इतकी गर्दी, की अनेकांना बाहेर राहावं लागलं म्हणून चार दिवसांनी सगळा सोहळा पुन्हा केला. आत ५५ फूट रुंद, ६५ फूट लांब दालन, आणि त्यावर तसंच दुसरं. दोन्ही टोकांना पायरीपायरीने चढत जाणारी व्यासपीठं, एका टोकाला वरच्या श्रेणीच्या पुरोहितांची, समोर खालच्या श्रेणीच्या. मग श्रोत्यांनी तोंड कुणाकडे करायचं? तर बाकं अशी, की बसणाऱ्याला हव्या त्या बाजूला तोंड करून बसता यावं. दोरी ओढली की छतातून पडदे खाली येत आणि दालनाचे भाग पडत. आपल्या भाषेत सांगायचं तर हा निव्वळ सभामंडप. गाभारा (गर्भागाराचा झालेला) अजून यायचा होता. माळ्यावरच्या खोल्यांत वर्ग भरत. १८३६ च्या जानेवारीत जोशुआ सेशस नावाच्या शिक्षकाला बोलावून पंथाचे संस्थापक जोसेफ स्मिथ आणि त्यांचे साथी हिब्रूची रूपं घोकू लागले. त्या घोकंपट्टीचं फळ म्हणजे ‘नाव्हू’. १८३९ मध्ये ही मंडळी इलिनॉयमधल्या कॉमर्स नावाच्या दलदलीच्या गावी आली, आणि स्मिथनी त्याचं नाव बदलून नाव्हू ठेवलं. अर्थ सांगितला, सुंदर ठिकाण. यावर थट्टा करणारे पुष्कळ आहेत, असला हिब्रू शब्दच नाही म्हणणारे. नाही कसा? यशयाच्या ५२व्या अध्यायातलं ७वं वचन उघडून बघा, डोंगरावरून सुवार्ता घेऊन येणाऱ्याच्या पावलांबद्दलचं. तिथे क्रियापदच ‘नाव्हू’ आहे, म्हणजे ‘शोभतात’. गावाला क्रियापदाचं नाव आणि तेही अनेकवचनी, एवढं मान्य. पण शब्द खरा आहे.

आणि याच नाव्हूत कुलाचा दुसरा अर्थ वास्तूत शिरला. १८४० च्या ऑगस्टमध्ये एका अंत्यविधीच्या प्रवचनात स्मिथनी सांगितलं, की बाप्तिस्मा न घेता वारलेल्या आप्तांसाठी जिवंत माणसाने बाप्तिस्मा घेता येतो. लोक थेट मिसिसिपीत उतरले, कुणी आजीसाठी, कुणी भावासाठी. पुढच्या वर्षी अर्धवट बांधलेल्या टेंपलच्या तळघरात कुंड आलं. बारा बैलांच्या पाठीवर तोललेलं, शलमोनाच्या मंदिरातल्या ‘पितळी समुद्र’ नावाच्या कुंडाच्या धर्तीवरचं, आधी लाकडी, मग दगडी. १८४४ च्या जूनमध्ये स्मिथना कार्थेजच्या तुरुंगात जमावाने गोळ्या घातल्या. शेजाऱ्यांच्या दहशतीने गाव सोडायचं ठरलं तरी बांधकाम थांबलं नाही. १८४५ च्या डिसेंबरपासून दोन महिन्यांत पाच हजारांहून जास्त माणसांनी वरच्या माळ्यावर, रात्री जागून, आपले विधी उरकले आणि मिसिसिपी ओलांडून पश्चिमेची वाट धरली. १८४६ च्या मे महिन्यात वास्तू जाहीरपणे अर्पण झाली तेव्हा बरंचसं गाव रिकामं झालं होतं. दोन वर्षांनी कुणीतरी तिला आग लावली, १८५० च्या वादळाने भिंती पाडल्या. माणसाचे डोळे-नाक कोरलेले तिचे सूर्यदगड नंतर कुठेकुठे पांगले. आज तिथे दिसते ती २००२ ची पुनर्बांधणी.

उटाहमध्ये १८७७ ला सेंट जॉर्जचं टेंपल पुरं झालं, आणि बाप्तिस्म्याखेरीज इतर विधीही मृतांच्या नावाने सुरू झाले. मग १८९४. तोवर बरेच जण स्वतःला पंथातल्या थोरामोठ्यांच्या घराण्याशी ‘जोडून’ घेत, आपल्याकडे दत्तक जावं तसे. त्या वर्षी अध्यक्ष विल्फर्ड वुड्रफ यांनी सांगितलं, की तसं नको, आपल्याच आईबापांशी जोडा, त्यांना त्यांच्या आईबापांशी, जितकं मागे जाता येईल तितकं. त्याच वर्षी वंशावळींची संस्था निघाली. या संस्थेने पुढे हरिद्वारच्या पंड्यांच्या वह्यांचीही मायक्रोफिल्म केली. त्र्यंबकेश्वरला उपाध्यायांपुढे बसून ज्याने खापरपणजोबांचं नाव वहीत शोधलं आहे, त्याला या लोकांचा ध्यास समजावून सांगावा लागणार नाही.

आता सांगा, जिथे देवाचं घर आणि माणसाचं घराणं एकाच छपराखाली येतं त्याला देव-कुल नाही तर काय म्हणायचं?

यावर परिभाषेच्या एका समितीवर बसलेले गृहस्थ मला म्हणाले, ‘मूर्ती नाही, देऊळ कसलं?’ परिभाषा घडवणाऱ्यांनी अधूनमधून एसटीने प्रवास करावा. वसईकडे जुन्या ख्रिस्ती माणसाला विचारा, तो चर्चमध्ये जात नाही, देवळात जातो. आणि मूर्तीचाच हट्ट असेल तर मथुरेजवळच्या माट गावचं कुषाणांचं देवकुल घ्या. तिथे मूर्ती सापडल्या त्या राजांच्या! भासाच्या ‘प्रतिमा’ नाटकातही भरत पूर्वजांच्या पुतळ्यांपुढे उभा राहतो, दशरथाचा पुतळा पाहून बाप गेल्याचं त्याला कळतं, आणि ती जागा राखणाऱ्याचं नाव देवकुलिक. म्हणजे देवकुल हे पितरांचंही घर होतं. गृहस्थ यावर ‘व्युत्पत्ती म्हणजे अर्थ नव्हे’ म्हणाले. ते बरोबर आहे. पण माझी व्युत्पत्ती इथे अर्थाला इतकी चपखल बसते, की मी ती सोडणार नाही.

लॅटिन टेम्प्लुमचं मात्र वेगळं. ते घर नव्हेच. शकुन पाहणारा रोमन पुरोहित वाकड्या काठीने आखून जी जागा वेगळी काढी ती टेम्प्लुम. देवाच्या घराला त्यांचा शब्द निराळा होता, एडीस. धातू ‘कापणे’ की ‘ताणणे’ यावर पंडित भांडत बसले आहेत. मी कापण्याच्या बाजूचा. २८ जुलै १८४७ ला, नाव्हूहून निघालेली मंडळी सॉल्ट लेकच्या खोऱ्यात उतरून चार दिवस होतात न होतात तोच, स्मिथनंतरचे त्यांचे पुढारी ब्रिगहॅम यंग यांनी माळरानावर काठी टेकवून टेंपल इथे होईल म्हणून सांगितलं. त्या क्षणापुरतं ते टेम्प्लुम होतं, देऊळ व्हायला चाळीस वर्षांहून जास्त लागली.

हो, तो दुसरा प्रश्न. तिन्ही गोष्टी वेगळ्या, आणि सॉल्ट लेकला त्या वेगवेगळ्या दिसतातही. १४ फेब्रुवारी १८५३ ला गोठलेल्या जमिनीत पहिली कुदळ मारली, हे भूमिपूजनाच्या जवळचं. ६ एप्रिलला चार कोपऱ्यांना चार कोनशिला बसवल्या, पहिली आग्नेयेला, कारण त्या कोपऱ्याला उजेड सर्वांत जास्त, असं यंग यांचं म्हणणं. (‘दक्षिण-पूर्व’ लिहिणाऱ्यांनी हा सुंदर शब्द वाचून घ्यावा.) पायाभरणी म्हणजे पायाचं सगळं काम. ते तिथे अक्षरशः ‘भरलं’ गेलं. १८५८ ला अमेरिकी फौज चालून येतेय म्हणून त्यांनी पायावर माती ओढली आणि वरून नांगरलेलं शेत वाटेल असं केलं. नंतर उकरून पाहिलं तर दगड तडकलेले, मग बराच पाया नव्याने घातला. भिंती तळाशी नऊ फूट जाड. ६ एप्रिल १८९३ ला वास्तू अर्पण झाली, कोनशिलांना बरोबर चाळीस वर्षं झाली त्या दिवशी. कोनशिला म्हणजे कोपऱ्याचा तो दगड. मंत्र्यांचं नाव कोरलेली, पडदा सारून दाखवायची संगमरवरी पाटी नव्हे.