मी 32 वर्षांची, बी.कॉम., बँकेत नोकरी. आता इजिप्तॉलॉजीकडे, म्हणजे प्राचीन इजिप्तच्या अभ्यासाकडे, वळता येईल का? चित्रकला बरी आहे, पण तिचा इथे काय उपयोग?

वयाबद्दल लिहायला दुसरे येतीलच. मला तुमचं शेवटचं वाक्य झोंबलं, म्हणून लिहितेय.

मार्गारेट मरे, पुढे नावाजलेल्या ब्रिटिश इजिप्तॉलॉजिस्ट. जन्म 1863, कलकत्ता. शाळा जवळजवळ नाहीच, पदवी तर नाहीच. कलकत्त्यात नर्सिंग केलं, पण इंग्लंडमध्ये उंची कमी म्हणून त्या कामावर घेतलं नाही. मद्रासला बहिणीकडे असताना वर्तमानपत्रात लंडनच्या युनिव्हर्सिटी कॉलेजात पुरातत्त्वज्ञ फ्लिंडर्स पीट्री इजिप्तवर वर्ग घेणार असल्याचं वाचलं. बहिणीनेच मागे लागून पाठवलं. 1894 मध्ये बाई वर्गात बसल्या तेव्हा तिशी पार झाली होती. म्हणजे तुमच्याएवढ्याच.

आणि पीट्रींनी त्यांना सुरुवातीला काय काम दिलं? इजिप्तमधल्या कॉप्टोसच्या उत्खनन अहवालासाठी चित्रं उतरवून काढायचं. झालं तुमच्या प्रश्नाचं उत्तर.

पण माझं उत्तर अजून व्हायचंय. मी गोदावरीकाठच्या एका उत्खननात खापरं रेखाटायला होते. दिवसभर तंबूत बसून एकेक काठाचा तुकडा घ्यायचा, वर्तुळांच्या तक्त्यावर फिरवून व्यास काढायचा, काटछेद उतरवायचा, एका बाजूला छेद, दुसऱ्या बाजूला बाहेरचं रूप. खड्ड्यात उभ्या असलेल्यांना जे दिसत नाही ते हाताला कळतं. दोन वेगळ्या प्रकारांत टाकलेले काठ मला एकाच घडणीचे वाटायला लागले: कडेला आतून बोट फिरवल्याची तीच खोबण, तोच उतार. मी सगळी रेखाटनं एकाखाली एक लावून आमच्या सरांना दाखवली. ते म्हणाले, "बाई, तुम्ही चित्रं काढा, अर्थ आम्ही लावतो." पुढे त्यांचा शोधनिबंध आला. त्यात दोन्ही प्रकार एक केलेले होते आणि वाक्य होतं, 'आमच्या असे निदर्शनास आले'. रेखाटनांखाली माझं नाव नव्हतं, आभारांतही नव्हतं. नवरा म्हणाला, सोडून दे. दिलं नाही, हे तुम्हाला दिसतंच आहे.

तर मरेबाई. 1902-03 च्या हंगामात इजिप्तमधल्या अबिडोसच्या उत्खननाला गेल्या त्याही नर्स म्हणून. मग खणायला शिकल्या आणि फॅरो सेती पहिल्याच्या मंदिरामागे ओसिरिऑन, म्हणजे ओसायरिस देवाशी जोडलेली जमिनीखालची वास्तू, शोधून काढलं. बाईच्या हुकुमाखाली काम करायचं काही पुरुष सहकाऱ्यांच्या जिवावर आलं होतं, तरी 1904 चा अहवाल बाईंच्या नावावर निघाला. पुढच्या हंगामात सक्कारातल्या मस्तबांच्या, म्हणजे सपाट माथ्याच्या जुन्या थडग्यांच्या, भिंतींवरची चित्रं आणि लेख उतरवले. 1905 मध्ये प्राचीन इजिप्शियन भाषेचं व्याकरण लिहिलं. पीट्री दर हिवाळ्यात इजिप्तला खणायला जायचे, तेव्हा लंडनचे वर्ग सांभाळायचं बाईंनी. गाय ब्रंटन, रेजिनल्ड एंगलबाख हे इजिप्तॉलॉजिस्ट त्यांच्या हाताखालून गेलेले. पीट्रींचं नाव सगळ्यांना ठाऊक. बाईंचं? हेच म्हणतेय मी.

1908 मध्ये मँचेस्टरला सुमारे 500 लोकांसमोर त्यांनी ममीच्या पट्ट्या उलगडल्या. ती इजिप्तमधल्या रिफेहच्या थडग्यातल्या 'दोन भावां'पैकी एकाची; त्यांची नावं ख्नुम-नख्त आणि नख्त-अंख. शवपेट्यांवरच्या लेखांत दोघांच्या आईचं नाव एकच होतं, पण कवट्या पाहून दोघांचं नातं नसावं असं मत पडलं. 2018 मध्ये डीएनएवरून निघालं की आई एक, वडील बहुधा वेगळे. आणि बाईंचा पहिला निबंध, 1895 चा, कशावर होता? प्राचीन इजिप्तमध्ये मालमत्तेचा वारसा आईकडून कसा जातो यावर. (ममी अशी लोकांसमोर उलगडणं आज कोणी करणार नाही, करूही नये.)

तुमच्या कामाचं: नोकरी लगेच सोडू नका. मध्य इजिप्शियन, म्हणजे प्राचीन इजिप्शियनचा अभ्यासात पहिल्यांदा शिकतात तो टप्पा, घरी बसून सुरू करता येते, पण फ्रेंच आणि जर्मन वाचता आल्याशिवाय पुढे सरकता येत नाही. आपल्याकडचे पुरातत्त्वाचे अभ्यासक्रम मुख्यतः भारतीय पुरातत्त्वाचे आहेत, त्यामुळे खरी पदवी परदेशातच आणि ती महाग आहे. मरेबाईंना पदवी नसताना आत घेतलं ते 1894 मध्ये, आज कोणी घेणार नाही. त्या चुकल्याही बऱ्याच. 1921 मध्ये त्यांनी युरोपातल्या चेटकिणी म्हणजे एका जुन्या धर्माच्या उपासक होत्या असा सिद्धान्त मांडला, तो इतिहासकारांनी साफ मोडीत काढला. म्हणून डोळे झाकून आदर्श वगैरे मानू नका. पण शंभर वर्षं जगल्या आणि शंभराव्या वर्षी आत्मचरित्र छापून मोकळ्या झाल्या, एवढं त्यांच्याकडून घ्यायला हरकत नाही.

आणि चित्रकला अजिबात सोडू नका. सुट्टीत जवळच्या एखाद्या उत्खननात खापरं रेखाटायला जा. मात्र पहिला तुकडा हातात घेण्याआधी रेखाटनांवर नाव कोणाचं छापणार ते विचारा, आणि उत्तर ईमेलवर घ्या. 'बघू नंतर' म्हणाले तर पेन्सिली गोळा करून परत या. आमचे सर कधी हे वाचणार असतील तर त्यांनीही वाचावं.