नेपाळमधील प्रदेश सरकार आपला वार्षिक अर्थसंकल्प कसा ठरवते आणि मंजूर करून घेते?

नेपाळचे आर्थिक वर्ष श्रावण १ ला, म्हणजे साधारण जुलैच्या मध्यास सुरू होते. सातही प्रदेशांना (म्हणजे प्रांतांना) त्याआधी आषाढ १ ला अर्थसंकल्प प्रदेश सभेत, म्हणजे प्रदेशाच्या विधिमंडळात, मांडावा लागतो. संघाचा, म्हणजे केंद्र सरकारचा, अर्थसंकल्प जेठ (ज्येष्ठ) १५ ला येतो, आणि माझ्या मते या दोन तारखांमधला पंधरवडाच सर्वांत मोलाचा असतो. कारण प्रदेशांचे स्वतःचे कर तुटपुंजे असून केंद्राकडून कोणते अनुदान किती मिळणार, हे कळल्याशिवाय जमेची बाजू पक्की होत नाही. समानीकरण अनुदान (प्रदेशांमधली आर्थिक तफावत कमी करण्यासाठी दिलेला निधी) प्रदेश स्वतःच्या प्राधान्यक्रमानुसार खर्च करू शकतो, पण सशर्त अनुदान ठरलेल्या कामालाच बांधलेले असते: रस्त्यासाठी आलेला पैसा रुग्णालयाकडे वळवता येत नाही.

तयारी अर्थात बरीच आधी सुरू होते. मंत्रालये तीन वर्षांच्या मध्यमकालीन खर्च आराखड्यात बसतील अशा मागण्या पाठवतात, अर्थ मंत्रालय त्यांना कात्री लावते आणि मंत्रिमंडळाच्या संमतीनंतर अर्थमंत्री अंदाजपत्रक सभेपुढे ठेवतात.

सभा एकच असल्याने वरिष्ठ सभागृहाचा टप्पा येत नाही. चर्चेनंतर विनियोजन विधेयक (खर्चाला परवानगी देणारे विधेयक) मंजूर होते आणि प्रदेश प्रमुखांच्या (राज्यपालांसारखे पद) प्रमाणीकरणाने, म्हणजे सहीने, त्याचा कायदा होतो; अर्थविषयक विधेयक असल्यामुळे ते फेरविचारासाठी परत पाठवता येत नाही. या कायद्याशिवाय संचित कोषातून, म्हणजे प्रदेशाच्या मुख्य सरकारी तिजोरीतून, संविधानाने थेट भारित केलेला (मतदानाशिवाय करता येणारा) खर्च वगळता, सहसा पैसा काढता येत नाही. म्हणूनच सभेतील चर्चेला पुरेसा वेळ मिळायलाच हवा, असे मला मनापासून वाटते.