‘स्काउटिंगली’ म्हणजे ‘कानोसा घेत’

नमस्कार. एका इंग्रजी कथेचा मराठी अनुवाद करताना आपल्याला ‘द ओल्ड डॉग वेंट स्काउटिंगली अहेड ऑफ द चिल्ड्रन’ असे वाक्य अडले आहे. घरातल्या कोशात ‘स्काउटिंगली’ हा शब्द सापडला नाही, फोनवरच्या भाषांतराने ‘स्काउटिंगपणे’ असे काहीतरी दिले आणि ओळखीच्या एका शिक्षकांनी ‘टेहळणीपूर्वक’ सुचवले. यांतले बरोबर कोणते आणि हा शब्द आपल्या इंग्रजी लेखनात वापरावा का, असे आपण विचारले आहे. मी ठाण्यातल्या एका मराठी माध्यमाच्या शाळेत सव्वीस वर्षे इंग्रजी शिकवले आणि त्यांतली बरीच वर्षे शाळेचे स्काउट पथकही माझ्याकडे होते, त्यामुळे हा प्रश्न वाचल्यावर उत्तर लिहिल्याशिवाय राहवले नाही.

शब्द अस्सल आहे, फक्त विरळा आहे. इंग्रजीत क्रियापदाच्या ‘-इंग’ रूपाला ‘-ली’ जोडून क्रियाविशेषण करता येते. ‘नोइंगली’, ‘जोकिंगली’, ‘सर्चिंगली’ हे त्याच घडणीचे आहेत. ‘स्काउट’ या क्रियापदाचे असे रूप केले की ‘स्काउटिंगली’ होते. उच्चारताना पहिल्या ‘स्काउ’वर जोर द्यायचा. लहान कोशांत अशी साधलेली रूपे सहसा देत नाहीत, कारण मूळ क्रियापद कळले की रूप आपोआप कळेल असे कोशकार धरून चालतात. म्हणून ‘स्काउट’ म्हणजे नेमके काय, हे आधी नीट पाहायला हवे.

आपल्याकडे ‘स्काउट’ म्हटले की गळ्यात स्कार्फ बांधलेला शाळकरी मुलगा डोळ्यांसमोर येतो. जुन्या मराठीत त्याला बालवीर म्हणत आणि माझ्या मते तो शब्द आपण उगाच सोडून दिला. ही चळवळ तशी अलीकडची आहे. बेडन-पॉवेल यांनी १९०७ साली इंग्लंडमधल्या ब्राउनसी बेटावर सुमारे वीस मुलांचे पहिले शिबिर घेतले, आणि आपल्याकडच्या निरनिराळ्या संघटना १९५० साली एकत्र येऊन भारत स्काउट्स आणि गाइड्स ही संस्था झाली. शब्द मात्र त्याच्याहून कितीतरी शतके जुना आहे. इंग्रजीत तो १४ व्या शतकाच्या अखेरीस दिसू लागतो आणि जुन्या फ्रेंचमधल्या ‘एस्कुते’ या क्रियापदावरून आलेला आहे. त्या फ्रेंच क्रियापदाचा अर्थ पाहणे असा नसून ऐकणे असा आहे. त्याच्या मागे लॅटिनमधले ‘ऑस्कुल्तारे’ आहे, म्हणजे लक्षपूर्वक ऐकणे. स्पॅनिशमधले ‘एस्कुचार’ आणि इटालियनमधले ‘अस्कोल्तारे’ ही त्याचीच भावंडे, आणि आजही त्यांचा अर्थ ऐकणे असाच आहे. डॉक्टर छातीला नळी लावून ऐकतात त्या तपासणीला वैद्यकात ‘ऑस्कल्टेशन’ म्हणतात, तोही याच घरातला शब्द आहे. पॅरिसमध्ये १८१६ साली रेने लेनेक यांनी कागदाची सुरळी करून एका रुग्णाच्या हृदयाचे ठोके ऐकले आणि त्यातून स्टेथोस्कोप जन्माला आला, तेव्हा ते मूळ अर्थाने ‘स्काउटिंग’च करत होते, असे मी वर्गात सांगत असे.

सैन्याच्या पुढे रात्री जाणाऱ्या माणसाला डोळ्यांचा उपयोग थोडाच, त्याची भिस्त कानांवर असते. म्हणून ऐकणारा तो ‘स्काउट’ झाला आणि पुढे पाहणाऱ्यालाही तेच नाव राहिले. आता आपल्याकडचा शब्द पाहा. कोणी अंदाज घेण्यासाठी थबकून, मान किंचित वळवून ऐकू लागला की आपण म्हणतो, ‘तो कानोसा घेतो आहे.’ त्यातही कान आहे, आणि त्याचाही अर्थ आता निव्वळ ऐकण्यापुरता उरलेला नाही. लोकांच्या मनाचा कानोसा घेणे, बाजाराचा कानोसा घेणे हे आपण रोज बोलतो. दोन दूरच्या भाषांनी एकच वाट चालावी, याचा मला अनेक वर्षे आनंद वाटत आला आहे, आणि आपल्या वाक्याची किल्लीही मला इथेच दिसते.

पण अर्थ एवढ्यावर पूर्ण होत नाही. ‘स्काउट’ करणारा एकटा नसतो. त्याच्या मागे कोणीतरी थांबलेले असते, आणि जे कळले ते परत जाऊन त्यांना सांगायचे असते. सुरतेवरच्या १६६४ सालच्या स्वारीआधी बहिर्जी नाईक तिथली बित्तंबातमी काढून आले, त्या कामगिरीत बातमी काढण्याइतकेच ‘आले’ हे क्रियापद महत्त्वाचे आहे. परतणे नसेल तर ती नुसती भटकंती किंवा शोधाशोध ठरते. इंग्रजीत तिच्यासाठी ‘एक्सप्लोरिंगली’ किंवा ‘सर्चिंगली’ चालेल, ‘स्काउटिंगली’ मात्र चालणार नाही.

हे मला पुस्तकापेक्षा मधमाशीने जास्त स्पष्ट करून दिले. आमच्या इमारतीच्या जिन्यात विजेच्या जुन्या मीटरची रिकामी लाकडी पेटी आहे, आणि तिच्या दाराला अंगठा जाईल एवढी फट आहे. एका वर्षी उन्हाळ्याच्या तोंडाशी, सकाळी दहाच्या सुमारास, त्या फटीसमोर एक सातेरी मधमाशी हवेत तरंगताना दिसली. ती सरळ आत शिरली नाही. फटीकडे तोंड करून ती थोडी मागे सरे, डावीकडे जाई, पेटीच्या मागून फेरी मारून पुन्हा समोर येई. मग ती काठावर उतरली, आत गेली, लगेच बाहेर आली, पुन्हा आत गेली. मी पेटीला कान लावला तेव्हा कोरड्या लाकडावर तिच्या चालण्याची अगदी बारीक खरखर ऐकू येत होती. ती आतल्या भिंती चालून मोजत होती म्हणा ना. तासाभरात तशा पाच-सहा जणी येऊ-जाऊ लागल्या. आवारातल्या गुलमोहराच्या फांदीला त्यांचे सगळे कुटुंब घोसासारखे लटकलेले होते, आणि या निवडक माश्या त्यांच्यासाठी घर बघत फिरत होत्या. इंग्रजीत त्यांना ‘स्काउट बी’ असेच नाव आहे. जागा पाहून आलेली माशी त्या घोसावर नाचते आणि नाचाच्या दिशेवरून व लांबीवरून जागा कुठे व किती दूर आहे ते इतरांना कळते. ही नाचाची भाषा उलगडणारे कार्ल फॉन फ्रिश यांना १९७३ साली नोबेल मिळाले, आणि नव्या घराच्या शोधातल्या माश्यांचा अभ्यास त्यांचे शिष्य मार्टिन लिंडाउअर यांनी केला. आमची पेटी अखेर त्यांना पसंत पडली नाही. तिसऱ्या दिवशी तो घोस सुटला आणि सगळ्या माश्या खाडीच्या दिशेने निघून गेल्या. दुसऱ्या कोणीतरी अधिक चांगल्या जागेची बातमी आणली असणार. फटीसमोरच्या त्या पहिल्या माशीचे वर्णन मला इंग्रजीत एका शब्दात करायचे असते, तर मी ‘स्काउटिंगली’ हाच शब्द निवडला असता.

आता मराठीकडे वळतो. ‘स्काउटिंगपणे’ आपण सोडून द्या. ‘-पणे’ हा प्रत्यय विशेषणाला शोभतो: शांतपणे, सावधपणे, उघडपणे. क्रियेच्या नावाला तो चिकटवला की मराठी वाचणारा माणूस अडखळतो. ‘टेहळणीपूर्वक’ सुचवणाऱ्या शिक्षकांचा अर्थाचा अंदाज बराच जवळचा आहे, पण ‘पूर्वक’ हा संस्कृत नामांच्या मागे बसणारा शब्द आहे: आदरपूर्वक, विचारपूर्वक, हेतुपूर्वक. ‘टेहळणी’ला तो जोडला की वाक्याला सरकारी परिपत्रकाचा सूर येतो, आणि कथेतला कुत्रा तर मुळीच टेहळणीपूर्वक चालणार नाही. शिवाय टेहळणी म्हटले की गडाचा बुरूज आठवतो. टेहळणी एका जागी उभे राहून करता येते, स्काउटिंगला पाय उचलावे लागतात. ‘पाळत’ तर अधिकच दूरची आहे, कारण पाळत माणसावर ठेवतात आणि ती बहुधा संशयाने ठेवतात. हल्ली वर्तमानपत्रांत ‘चोरट्यांनी आधी रेकी केली’ असे वाचायला मिळते. अर्थाने ‘रेकी’ हा ‘स्काउटिंग’चा सख्खा शेजारी आहे, पण घरफोडीच्या बातम्यांनी त्याला असा रंग दिला आहे की चांगल्या पात्राच्या तोंडी तो घालवत नाही.

मराठीची स्वतःची सोय निराळी आहे आणि अनुवाद करणारे पुष्कळ जण ती विसरतात. इंग्रजी ‘-ली’साठी दर वेळी एखादा प्रत्यय शोधत बसण्याचे कारण नाही. आपण क्रियेचे ‘-त’ असलेले रूप करतो आणि काम होते: हसत आला, लंगडत गेला, चाचपत जिना उतरला. ‘स्काउटिंगली’ची अशी तीन-चार रूपे माझ्या नेहमीच्या वापरात आहेत. सभोवतीची चाहूल महत्त्वाची असेल तर ‘कानोसा घेत’. पुढच्या वाटेची खात्री करणे महत्त्वाचे असेल तर ‘वाटेचा अंदाज घेत’. हात, पाय किंवा काठी वापरली जात असेल तर ‘चाचपत’. नजरेविषयीचे वाक्य असेल, उदाहरणार्थ ‘शी लुक्ड स्काउटिंगली अराउंड द रूम’, तर ‘तिने खोलीभर अंदाज घेणारी नजर फिरवली’ असे सरळ विशेषणाने सांगावे, तिथे क्रियाविशेषणाचा हट्ट धरू नये.

येऊरच्या जंगलातल्या एका सहलीची आठवण इथे सांगतो, कारण ‘कानोसा घेत’ हे शब्द मला तिथेच मनोमन पटले. सातवी-आठवीची मुले एका रांगेत चालली होती आणि संघनायक असलेला एक मुलगा वीस-पंचवीस पावले पुढे होता. एका वळणावर त्याने हात वर करून मागच्यांना थांबवले. मला वाटले, तो झाडीत काही पाहतो आहे. जवळ जाऊन बघितले तर त्याचे डोळे जमिनीकडे होते, मान एका बाजूला कललेली होती आणि तोंड किंचित उघडे होते. श्वासाचा आवाज आड येऊ नये म्हणून तसे उभे राहायला मीच शिकवले होते आणि नंतर विसरूनही गेलो होतो. अर्धा मिनिट तो तसाच उभा राहिला, थोडा पुढे गेला, पुन्हा थांबला, मग परत येऊन म्हणाला, ‘सर, पुढे ओढ्याला पाणी आहे, आणि पलीकडे कोणीतरी लाकडं तोडतंय.’ ओढा तिथून दिसत नव्हता. त्या मुलाचे ते चालणे, थांबणे आणि परत येऊन सांगणे मिळून जे होते, तेच हे क्रियाविशेषण आहे.

एक सावधगिरी मात्र आवर्जून सांगायला हवी. इंग्रजीत ‘स्काउट’ नावाचे दुसरे एक क्रियापद आहे. त्याचे स्पेलिंग आणि उच्चार तेच आहेत, पण कूळ वेगळे आहे. ते बहुधा स्कँडिनेव्हियन भाषांतून आले. जुन्या नॉर्समध्ये ‘स्कूता’ म्हणजे टोमणा. या क्रियापदाचा अर्थ तिरस्काराने उडवून लावणे, धुडकावणे असा आहे. जुन्या इंग्रजी गद्यात ‘ही स्काउटेड द आयडिया’ असे वाक्य भेटते. नोकरीच्या पहिल्याच वर्षी मी दहावीच्या वर्गाला त्याचा अर्थ ‘त्याने त्या कल्पनेची पाहणी केली’ असा सांगितला होता. खरा अर्थ ‘त्याने ती कल्पना धुडकावून लावली’ असा, म्हणजे जवळजवळ उलटा होता. महिन्याभराने मोठ्या कोशात दुसरी नोंद दिसली आणि मी त्याच वर्गासमोर चूक सुधारली. या दुसऱ्या क्रियापदाचेही ‘स्काउटिंगली’ असेच रूप होऊ शकते आणि तेव्हा त्याचा अर्थ ‘हेटाळणीच्या सुरात’ किंवा ‘उडवून लावत’ असा होईल.

दोन्ही अर्थ वेगळे ओळखायचे, तर हे क्रियाविशेषण कोणत्या क्रियापदासोबत आले आहे ते पाहावे. जाणे, पुढे सरकणे, हुंगणे, डोकावणे, नजर फिरवणे अशा क्रियांसोबत आले तर पहिला अर्थ घ्यावा. म्हणणे, उत्तर देणे, हसणे यांच्यासोबत आले, आणि त्यातही पुस्तक शंभर वर्षांपूर्वीचे असेल, तर आधी दुसरा अर्थ तपासून पाहावा. कोणी स्काउटच्या शिस्तीने वागले, वेळेवर आले, नीट गाठ मारली, एवढ्यावरून मात्र ‘स्काउटिंगली’ म्हणता येत नाही. हा शब्द कृतीची पद्धत सांगतो, गणवेशाशी त्याचा संबंध नाही.

आपल्या स्वतःच्या इंग्रजी लेखनात तो वापरावा का, तर माझे मत असे की परीक्षेत, अर्जात किंवा कार्यालयीन पत्रात वापरू नये. तिथे वाचणारा शब्दापाशी अडेल आणि आपले म्हणणे बाजूला राहील. ‘वेंट अहेड टू सी इफ द वे वॉज क्लिअर’ असे साधे वाक्य तिथे अधिक काम करते. कथेत, एखाद्या प्राण्याचे किंवा सावध माणसाचे वर्णन करताना, एखाद्या वेळी वापरायला हरकत नाही.

आपल्या वाक्यातला कुत्रा म्हातारा आहे, तो चालतो आहे आणि मुले त्याच्या मागे आहेत, म्हणजे पहिल्या अर्थाला लागणारे सगळे तिथे हजर आहे. ‘अहेड’साठी ‘पुढे’ एकदाच न लिहिता दोनदा लिहावे, म्हणजे तो जातो, थांबतो, मागे वळून बघतो आणि पुन्हा निघतो ही लय आपोआप येते. मी ते वाक्य असे लिहीन: ‘म्हातारा कुत्रा कानोसा घेत मुलांच्या पुढे पुढे चालला होता.’