स्टेटमेंटवर गेमच्या नावाने १९९ रुपये तीनदा गेलेत. भाचा सुट्टीत राहून गेला होता, त्याच्या आईवडिलांना विचारावं का?

नका विचारू. निदान आज तरी नका.

तुमचा मूळ प्रश्न वेगळा आहे हे कळतंय मला. नोंद कशाची ते ओळखायचं कसं आणि पैसे परत मिळतील का, हे तुम्हाला हवंय. पण शेवटच्या ओळीत तुम्ही भाच्याला आणलंत आणि मी तेवढ्याच ओळीसाठी लिहायला बसले. भाचा "दिवसभर मोबाइललाच चिकटलेला होता" असं तुम्ही लिहिलंय. हेच वाक्य, अगदी याच शब्दांत, मी माझ्या मुलाबद्दल ऐकलेलं आहे. भरल्या घरात, गौरीच्या दिवशी.

मी डोंबिवलीत एका सीएंच्या ऑफिसात आहे. लोकांची बँक स्टेटमेंटं घ्यायची आणि एकेक नोंद कशाची ते लावत बसायचं, हे माझं रोजचं काम. त्यामुळे स्टेटमेंट हातात आलं की मी रकमेचा रकाना शेवटी बघते, आधी तारखा. आमच्या भाऊजींनी, म्हणजे थोरल्या दिरांनी, नेमकं उलटं केलं.

२०२३ चे गणपती. सासर रत्नागिरी जिल्ह्यातलं, आबा (सासरे) जिल्हा परिषदेच्या शाळेतून रिटायर झालेले. पेन्शनचं खातं त्यांचं, पण त्यावर यूपीआय भाऊजींनी चालू करून दिलेलं, लाइटबिल भरता यावं म्हणून. आम्ही १७ सप्टेंबरच्या रात्रीच्या गाडीने निघून १८ ला सकाळी पोचलो. २१ ला गौरी आल्या. दिवेलागणीला आबांच्या फोनवर मेसेज वाजला, १९९ रुपये वजा. फोन तेव्हा माझ्या मुलाच्या हातात होता, आरतीचे फोटो काढत होता तो. तेरा वर्षांचा, आठवीत. भाऊजींनी फोन घेतला, मेसेज वर सरकवले, १९९ चे आणखी तीन-चार दिसले आणि निकाल लागला. "बघा, बंदुकीचा गेम. आबांची पेन्शन उडवतोय."

शेजारची माणसं होती, जाऊबाईंच्या माहेरची होती. मुलगा म्हणाला, मी नाही केलं. कोणी ऐकलं नाही. खरं सांगायचं तर मीसुद्धा त्या क्षणी त्याच्याकडे संशयाने बघितलं, आणि ते त्याला दिसलं. भाऊजींनी त्याच्या स्वतःच्या फोनमधला गोळीबाराचा गेम काढून टाकला (त्याचा आबांच्या खात्याशी काय संबंध, देव जाणे) आणि आबांचा फोन कपाटात घालून किल्ली खिशात टाकली. दुसऱ्या दिवशी घावन-घाटल्याच्या पंगतीत पोरगा मान खाली घालून जेवला.

२३ ला दुपारी किल्ली मिळाली, तीही आबांना बातम्या ऐकायच्या होत्या म्हणून. मी फोन घेऊन मागच्या पडवीत बसले. बँकेचे मेसेज तारखेने लावले. नऊ नोंदी निघाल्या, सगळ्या गुरुवारच्या. पहिली २७ जुलै, शेवटची २१ सप्टेंबर. नवांपैकी आठ गुरुवारी माझा मुलगा डोंबिवलीत होता. मी आणखी मागे गेले. २४ जुलै, सोमवार: दोन रुपये वजा आणि लगेच दोन रुपये जमा. इथेच मला अंदाज आला. मेसेजमध्ये वेळ नव्हती, म्हणून यूपीआय ॲपची हिस्ट्री उघडली. पहाटे ५ वाजून ७ मिनिटं.

आमच्या घरात पहाटे पाचला एकच माणूस उठलेला असतो. नळाला पाणी यायची वाट बघत ओट्यावर बसलेला.

आबा सारखे रंगीत खडे जुळवायचा एक गेम खेळायचे. "तीन दिवस फुकट" असं काहीतरी आलं, त्यांनी दाबलं, पिन मागितला, दिला. दोन रुपये गेले ते परतही आले, तेव्हा त्यांना वाटलं व्यवहार मिटला. खरं म्हणजे त्या पिनने त्यांनी दर आठवड्याला पैसे कापायची परवानगी दिली होती. यालाच ऑटोपे म्हणतात. एकदा पिन टाकून मंजुरी दिली की पुढच्या १५,००० रुपयांपर्यंतच्या कापणीला सहसा पुन्हा पिन विचारत नाहीत. आदल्या दिवशी सूचना येते, पण आबांच्या फोनमध्ये न वाचलेले मेसेज अठराशेच्या वर होते, त्यात ती कोण बघणार?

मी त्यांना दाखवलं. चष्मा काढून हातात धरून म्हणाले, "पैसे तर परत आले होते गं." मग गौरीच्या दिवशी बोलला का नाहीत? तर ते म्हणाले, "तो बंदुकीचा गेम म्हणत होता. मी कुठे बंदुकीचा खेळतो?" माणूस खोटं बोलत नव्हता. भाऊजींनी गुन्ह्याचं वर्णनच असं केलं होतं की खऱ्या माणसाला तो आपला वाटलाच नाही.

आता तुमच्याकडे वळते.

तुमच्या तीन नोंदींच्या तारखांमध्ये सारखं अंतर आहे का ते बघा. सात-सात दिवस किंवा महिना-महिना असेल तर ती वर्गणी आहे, आणि भाचा घरी गेल्यावरही ती चालू राहील. पहिल्या नोंदीच्या चार-आठ दिवस आधी रुपया-दोन रुपयांची नोंद शोधा. पासबुकावर अवलंबून राहू नका, छापताना तपशील अर्ध्यात कापला जातो. बँकेच्या ॲपमधून पीडीएफ काढा. यूपीआयच्या नोंदीत बारा आकडी संदर्भ क्रमांक असतो, तो यूपीआय ॲपच्या हिस्ट्रीत जुळवला की समोरच्याचं नाव आणि वेळ दोन्ही सापडतात. नाव गेमचं नसून बहुतेक वेळा स्टोअरचं असतं, म्हणजे गूगल किंवा ॲपल. गेम कोणता ते स्टोअरच्या खरेदीच्या यादीत दिसतं. प्ले स्टोअरच्या ऑर्डर क्रमांकाची सुरुवात जीपीए अशी असते. यादी रिकामी दिसली तर घाबरू नका, फोनमध्ये दुसरं गूगल खातं असेल. आबांच्या फोनमध्ये दोन निघाली, एक मोबाइलवाल्या दुकानदाराने विकतानाच काढून दिलेलं. खरेदी त्याच्यावर होती.

गेम फोनमधून काढून टाकल्याने वर्गणी थांबत नाही. ती स्टोअरमध्ये जाऊन बंद करायची आणि यूपीआय ॲपमधल्या ऑटोपेच्या पानावरून मंजुरीही रद्द करायची. तिथे पिन लागतो. आबांनी तो माझ्यासमोर मोठ्याने म्हणत टाकला, त्यावर वेगळं उत्तर लिहिता येईल.

पैसे परत मिळायचं म्हणाल तर गूगलकडे ४८ तासांच्या आत मागितले तर सोपं पडतं. "घरातल्या कोणी न विचारता खरेदी केली" असं कारणही तिथे निवडता येतं. पूर्ण अनोळखी माणसाने खरेदी केली असेल तर १२० दिवसांपर्यंत कळवता येतं. ॲपलचं "रिपोर्ट अ प्रॉब्लेम" नावाचं पान आहे. आम्हाला फक्त शेवटचे १९९ परत मिळाले, तेही जेमतेम, कारण ४८ तास भरायला तीनेक तास उरले होते. बाकीचे तास फोन कपाटात होता. बाकीचे १,५९२ रुपये गेले ते गेलेच.

बँकेत जाऊन "फ्रॉड झाला" असं लगेच लिहून देऊ नका. पिन तुमच्या घरातल्याच कोणी टाकलेला असेल तर तो फ्रॉड नव्हे, आणि बँक तो नोंदीवरून दाखवून देईल. मग लाज तुमची जाते. आमचे भाऊजी सोमवारी शाखेत अर्ज द्यायला निघालेच होते.

हो, हे मी आधी लिहायला हवं होतं: वरचं सगळं यूपीआय किंवा स्टोअरची नोंद असेल तर. कार्डावर डॉलरमधली नोंद असेल, ओटीपी आलाच नसेल, तर तारखा लावत बसू नका. परदेशी दुकानाला ओटीपी घ्यावाच लागतो असं नाही. कार्डाचा नंबर फुटला की चोर आधी छोट्या रकमेने तपासून बघतात. कार्ड ताबडतोब ब्लॉक करा, परदेशी व्यवहार ॲपमधून बंद करा, मग तक्रार. रिझर्व्ह बँकेच्या ६ जुलै २०१७ च्या परिपत्रकाप्रमाणे चूक तुमची किंवा बँकेची नसेल आणि बँकेचा मेसेज आल्यापासून तीन कामाच्या दिवसांत कळवलंत तर तुमच्यावर काही जबाबदारी येत नाही. चार ते सात कामाचे दिवस झाले तर काही भाग तुमच्या अंगावर, साध्या बचत खात्याला जास्तीत जास्त १०,००० रुपये. त्यानंतर बँकेच्या धोरणावर. कळवल्यापासून दहा कामाच्या दिवसांत रक्कम तात्पुरती जमा करायची आणि चूक ग्राहकाची आहे हे बँकेनेच सिद्ध करायचं, असंही त्यात आहे. फक्त पिन किंवा ओटीपी तुम्हीच कोणाला सांगितला असेल तर कळवेपर्यंतचं नुकसान तुमचं. तीस दिवसांत उत्तर आलं नाही तर रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे ऑनलाइन तक्रार होते, फुकट.

खरी चोरी असेल तर १९३० वर, म्हणजे सायबर फसवणुकीच्या सरकारी हेल्पलाइनवर, लगेच फोन करा. बँकेचा नंबर मात्र इंटरनेटवर शोधू नका, तिथे चोरांनी आपलेच नंबर लावून ठेवलेले असतात. कार्डाच्या मागचा घ्या.

आणि नोंदीत गेमचं नावच नसेल, कुठल्या तरी अनोळखी माणसाचं किंवा "ट्रेडर्स"चं नाव असेल, रकमा पाचशे, हजार, दोन हजार अशा गोल आणि रात्री उशिराच्या असतील, तर तो वेगळा प्रकार असू शकतो. ऑगस्ट २०२५ मध्ये संसदेने पैसे लावून खेळायच्या ऑनलाइन खेळांवर बंदीचा कायदा केला, पण बेटिंगवाले असल्या भाड्याच्या खात्यांवर पैसे घेतात. तिथे भाच्यापेक्षा घरातल्या मोठ्या माणसांकडे बघावं लागतं. आमच्या ऑफिसात अशी स्टेटमेंटं येतात. गृहस्थ समोर बसून सांगतो, "मुलाने काहीतरी केलं असेल." मुलगा पहिलीत.

आता मुलं कधीच करत नाहीत असं मी म्हणत नाही. करतात. आमच्याच एका क्लायंटच्या मुलीने वडिलांचा पिन बघून ठेवून गेममधले हिरे घेतले होते, चार हजारांचे. पण तिथेही आधी तारखा लावल्या. तिच्या क्लासच्या वेळेतली एकही नोंद नव्हती, सगळ्या वडील अंघोळीला जातात त्या वेळेच्या. मग तिला बसवून विचारलं, तिने सांगितलं. मुलाचा गुन्हा असला तरी विचारायच्या आधी कागद हातात हवा, एवढंच माझं म्हणणं. प्ले स्टोअरमध्ये प्रत्येक खरेदीला पासवर्ड मागायची सोय आहे, ती चालू करायला दोन मिनिटं लागतात. भाऊजींनी आबांना फोन घेऊन दिला तेव्हा ती दोन मिनिटं काढली असती तर चाललं असतं.

मी त्या संध्याकाळी सगळ्यांसमोर तारखा वाचून दाखवल्या. नऊही. आमचं रेल्वेचं तिकीटही दाखवलं. भाऊजींनी शांतपणे ऐकलं आणि म्हणाले, "असो. पण पोरांच्या हातात फोन देऊच नये." माफी वगैरे शब्द नाही. घरचा ग्रुप आहे, त्यावर दर मे महिन्यात ते मुलांच्या मोबाइलच्या व्यसनाबद्दल काहीतरी फॉरवर्ड करतात. मी दर वेळी त्याखाली फक्त "२४ जुलै, पहाटे ५:०७" एवढंच लिहिते. नवऱ्याचं म्हणणं, पुरे झालं आता. मला नाही वाटत पुरे झालंसं, कारण त्यानंतरच्या दोन गणपतींना मुलगा गावाला आलेला नाही. क्लास आहे म्हणतो. आबा अजून खडे जुळवतात, फुकटातले, आणि लेव्हल अडली की त्यालाच व्हिडिओ कॉल करतात. तो सांगतो त्यांना, उजवीकडचा निळा हलवा. पण या म्हटलं की क्लास.

तुमच्या तीन नोंदींच्या तारखा आणि भाचा कोणत्या तारखेपासून कोणत्या तारखेपर्यंत होता ते खाली लिहा. मी लावून देते. आणि बहिणीला फोन करून झाला असेल, तर तेही लिहा.