'ब्रुकलिन नाईन-नाईन' पहिल्यांदाच बघताय?

न्यूयॉर्कच्या एका पोलीस ठाण्यावरच्या या अमेरिकन विनोदी मालिकेबद्दल पहिल्या चार-पाच भागांवरून मत बनवू नका. तिथे नायक डिटेक्टिव्ह जेकचा पोरकटपणा जरा जास्तच आहे. सीझन १ च्या सहाव्या, हॅलोविनच्या भागात जेक मध्यरात्रीपर्यंत ठाण्याचा प्रमुख कॅप्टन होल्टचं शौर्यपदक चोरण्याची पैज लावतो, तिथे मालिकेला खरा सूर सापडतो. ही पैज पुढे दरवर्षी रंगते, पण हे भाग सुटे बघू नका. पाचव्या सीझनच्या पैजेतच जेक सहकारी एमीला लग्नाची मागणी घालतो, आणि आधीचं माहीत नसेल तर सगळी मजा जाते.

चौथ्या सीझनची सुरुवात फ्लोरिडात होते. ठाणं नाही, नेहमीची मंडळी नाहीत, म्हणून रेंगाळल्यासारखं वाटतं. तीन भाग धीर धरा. त्याच सीझनचा सोळावा भाग मात्र चुकवू नका: ठाण्यातल्या सार्जंट टेरीला त्याच्याच वस्तीत, केवळ कृष्णवर्णीय म्हणून, एक पोलीस अडवतो. पाचव्यातला चौदावा भाग तर जवळजवळ सगळा चौकशीच्या एका खोलीत घडतो. लेखन म्हणून मला तोच सर्वोत्तम वाटतो.

२०१८ मध्ये फॉक्स वाहिनीने मालिका बंद केली, एनबीसी या दुसऱ्या वाहिनीने लगेच उचलली. तिथून सीझन आखूड होत गेले: १८, १३, १० भाग. सहाव्यात होल्टची सहायक जीना निघून जाते. आठवा (२०२१) पोलिसाच्या हातून कृष्णवर्णीय जॉर्ज फ्लॉइडचा मृत्यू झाला, त्या प्रकरणानंतरचा. तयार संहिता बाजूला ठेवून नव्याने लिहिलेला. डिटेक्टिव्ह रोझा पोलिसातली नोकरी सोडते. हसू कमी आहे, पण तो शेवटीच बघा.