‘एक्सप्लोरर’ पाहून डोकं भणभणलं असेल तर

तुम्ही लिहिलंय की प्रमोद पतींचा ‘एक्सप्लोरर’ हा प्रायोगिक लघुपट पाहिला, सात मिनिटांत डोकं भणभणलं आणि कळलं काहीच नाही. शिवाय १९६८ मध्ये सरकारी खात्यात असला प्रकार झालाच कसा, हाही तुमचा प्रश्न. दुसऱ्या प्रश्नापासून सुरू करतो.

मुंबईच्या पेडर रोडवरच्या फिल्म्स डिव्हिजनला, म्हणजे केंद्र सरकारच्या लघुपट काढणाऱ्या खात्याला, तिकिटं खपवायची नव्हती. मुख्य सिनेमाआधी सरकारमान्य लघुपट दाखवणं थिएटरांना सक्तीचं होतं. ‘फिल्म्स डिवीजन की भेंट’ ही पाटी आली तरी निम्मं पब्लिक बाहेर चहा पीत रेंगाळलेलं असायचं, हे मी लहानपणी पाहिलंय. त्या सक्तीवर टीका होते, ती रास्तच आहे. पण धंद्याची काळजी नाही, कॅमेरे आणि एडिटिंगची टेबलं घरचीच, अशी जागा तेव्हा देशात दुसरी नव्हती. कमी होती ती ‘करून बघ’ म्हणणाऱ्या वरिष्ठाची. १९६५ मध्ये युनेस्कोतून जीन भावनगरी सल्लागार म्हणून आले आणि दोन-तीन वर्षांपुरता तसा माणूस मिळाला. हुसेनसारख्या चित्रकाराला राजस्थानात कॅमेरा देऊन पाठवलं गेलं ते याच काळात. त्यातून झालेल्या ‘थ्रू द आइज ऑफ अ पेंटर’ला १९६७ मध्ये बर्लिन चित्रपट महोत्सवात लघुपटाचं गोल्डन बेअर पारितोषिक मिळालं. त्यात कंदील, छत्री, जोडा पुन्हा पुन्हा येतात. त्यांचा अर्थ लावत बसू नका.

आता पती. ओडिशाचा हा माणूस प्रागला यिर्शी त्र्न्का यांच्याकडे बाहुलीपट शिकून आला आणि इथे त्याने जिवंत माणसांनाच बाहुल्यांसारखं हलवलं. एक फ्रेम घ्यायची, कॅमेरा थांबवायचा, माणसाने बोटभर सरकायचं, पुन्हा एक फ्रेम. सेकंदाला चोवीस, म्हणजे मिनिटाला १४४० फ्रेम! चित्रकार आबिद सुरतींवरचा त्यांचा ‘आबिद’ (१९७२) बघा, तंत्र लगेच ध्यानात येईल. पतींच्याच ‘क्लॅक्सप्लोजन’चा विषय तर कुटुंबनियोजन. विषय सरकारने दिलेला आणि हाताळणी मात्र पूर्ण पतींची, हे मला आजही थक्क करतं. १९७५ मध्ये ते गेले, जेमतेम चाळिशी ओलांडलेले.

‘एक्सप्लोरर’ पुन्हा लावाल तेव्हा पहिल्यांदा डोळे मिटून नुसता ऐका. आवाजाचं काम विजय राघव राव यांचं, आणि तालाचा सांगाडा तिथेच आहे. मग डोळे उघडून बघा, चित्रं त्या तालावर तुटतायत हे जाणवेल. तबल्याचा तुकडा ऐकताना आपण अर्थ विचारत नाही, तसंच हे. मला स्वतःला हे तिसऱ्या खेपेला उमगलं.

तरीही जड वाटलं तर एस. एन. एस. शास्त्रींचा ‘आय अ‍ॅम ट्वेंटी’ (१९६७) आधी बघा. स्वातंत्र्याबरोबर जन्मलेल्या विशीतल्या मुलामुलींना देशाबद्दल विचारलंय. कुणी भरभरून बोलतं, कुणी तुटक, आणि शास्त्री कुणाचीच बाजू सावरून घेत नाहीत. सुखदेवांचा ‘इंडिया ६७’ त्यानंतर. तासाभराचा आहे, निवेदन अजिबात नाही, घाईत बघू नका.

सरकारी आवाराबाहेरचं एक नाव राहिलं. चित्रकार अकबर पदमसींनी फेलोशिपच्या पैशांतून मुंबईत नेपियन सी रोडला कार्यशाळा उभारली आणि तिथे ‘सिझिजी’ केला: अकरा मिनिटं, आवाज नाही, नुसत्या रेषा. त्यांच्या दुसऱ्या फिल्मची, ‘इव्हेंट्स इन अ क्लाउड चेंबर’ची प्रत दिल्लीच्या प्रदर्शनाला गेली ती हरवलीच. याचं मला फार वाईट वाटतं.

यातल्या बऱ्याच फिल्म्स यूट्यूबवर सापडतात. फोनवर बघू नका, खोलीत अंधार करा, हेडफोन लावा. आणि ‘एक्सप्लोरर’ दुसऱ्यांदा पाहिलात की इथेच लिहा, कुठल्या मिनिटाला अडलात ते. मीही तेवढा भाग पुन्हा लावून बसेन.