तीसपट वाचूनही जीनोममध्ये फटी का राहतात?

प्रश्न : लँडर-वॉटरमन सूत्रानुसार ३० पट कव्हरेजला (प्रत्येक जागा सरासरी ३० वेळा वाचली तर) मानवी जीनोमचा एकही बेस, म्हणजे डीएनएचं एकही अक्षर, सुटायला नको. प्रत्यक्षात मात्र रिकाम्या जागा दिसतात. चूक कुठे होते?

उत्तर : सूत्र बरोबर आहे, कच्चं आहे ते त्यामागचं गृहीतक. एरिक लँडर आणि मायकल वॉटरमन यांनी १९८८ मध्ये मांडलेला हिशोब असा : रीडची (यंत्राने एका वेळी वाचलेल्या डीएनएच्या तुकड्याची) संख्या गुणिले रीडची लांबी, भागिले जीनोमची लांबी, म्हणजे कव्हरेज. ३ अब्ज बेस १५० बेसच्या रीडने ३० पट वाचायला ६० कोटी रीड लागतात. प्रत्येक रीड कुठेही सारख्याच शक्यतेने पडतो असं धरलं, तर एखादा बेस सुटण्याची शक्यता म्हणजे २.७१८ या संख्येचा ‘उणे कव्हरेज’ एवढा घात. १० पटीला साधारण १ लाख ३६ हजार बेस सुटतात, ३० पटीला एकही नाही.

पण रीड असे सारखे पडत नाहीत. जी आणि सी हे बेस जास्त असलेले तुकडे पीसीआरमध्ये (डीएनएच्या प्रती काढण्याच्या प्रक्रियेत) नीट उलगडत नाहीत, म्हणून त्यांच्या प्रती कमी निघतात. पीसीआर टाळून लायब्ररी (वाचनासाठी तयार केलेला तुकड्यांचा संच) केली तर फरक पडतो. पुनरावृत्तीचं दुखणं मात्र याने जात नाही. एल-१ या जीनोममध्ये अनेकदा येणाऱ्या क्रमाचा पूर्ण तुकडा सुमारे ६,००० बेसचा असतो. त्याच्या पोटातला १५० बेसचा रीड कोणत्या प्रतीतून आला हे ठरवता येत नाही. संगणक त्याला मॅपिंग गुणवत्ता (जागेबद्दलची खात्री) शून्य देतो, पुढची गाळणी त्याला टाकून देते आणि वाचलेली जागाही रिकामी दिसते. इथे कव्हरेज वाढवणं म्हणजे पैसे वाया घालवणं. लांब रीडच हवेत.

म्हणून नुसत्या सरासरीवर विसंबू नका, खोलीचा (कोणती जागा किती वेळा वाचली याचा) आलेख काढा. आधी डुप्लिकेट रीड (एकाच तुकड्याच्या जादा प्रती) काढून टाका आणि लिंग-गुणसूत्रं वेगळी ठेवा. प्वासाँ वितरणात (रीड निव्वळ योगायोगाने पडले तर जशी विभागणी होते तीत) सरासरी ३० असेल तर प्रमाण विचलन साडेपाचच्या आसपास हवं. ते १० किंवा १२ आलं, तर वाचन असमान आहे हे पक्कं.

प्रश्न : संदर्भ जीनोम (जुळवून पाहायला आधीच तयार असलेला क्रम) नसेल, तर के-मरच्या, म्हणजे रीडमधून काढलेल्या ठराविक लांबीच्या तुकड्यांच्या, आलेखावरून काय कळतं? (कोणत्या संख्येने दिसणारे के-मर किती, हे तो दाखवतो.)

उत्तर : पुष्कळ! १५० बेसच्या रीडमधून ३१ लांबीचे १२० के-मर निघतात, त्यामुळे ३० पट वाचनाचं शिखर २४ वर येतं. एकूण के-मर भागिले शिखर, हा जीनोमच्या आकाराचा अंदाज. आईवडिलांकडून आलेल्या प्रतींत बराच फरक असेल, तर १२ वर दुसरं शिखर उठतं. त्यालाच मुख्य समजलात तर आकार दुप्पट निघेल.

हजारात एक बेस चुकला तरी ६० कोटी रीडमध्ये ९ कोटी चुका होतात, आणि एकेक चूक ३१ पर्यंत के-मर बिघडवते. म्हणजे वेगवेगळे के-मर मोजले तर खोटे जवळजवळ खऱ्यांइतकेच! ते बहुतेक एकदाच दिसतात, म्हणून भागाकाराआधी आलेखाच्या डावीकडची दरी गाठून तिथे कापा. लांबी विषमच घ्या : सम लांबीचा के-मर स्वतःचाच उलट पूरक (समोरच्या धाग्यावरचा उलट वाचलेला क्रम) निघू शकतो, मग धागा कोणता ते कळत नाही.

प्रश्न : हाय-सी नकाशात (डीएनएच्या कोणत्या जागा एकमेकींना किती वेळा भेटतात याच्या तक्त्यात) खरी लूप, म्हणजे दोन लांबच्या जागा एकत्र आणणारा वेढा, कशी ओळखायची?

उत्तर : डीएनए ही लांब साखळी आहे. तिच्यावरच्या जवळच्या जागा नुसत्या औष्णिक हालचालीनेही वारंवार भेटतात. मानवी पेशींवरच्या २००९ च्या मोजणीत ५ लाख ते ७० लाख बेसच्या टप्प्यात अंतर दहापट झालं की संपर्क साधारण दहावा हिस्सा उरत होता. म्हणून प्रत्येक अंतरासाठी सरासरी (म्हणजे अपेक्षित संख्या) काढा आणि दिसलेल्या संपर्काला तिने भागा; अपेक्षेपेक्षा बराच जास्त संपर्क उरला तरच लूप समजा. त्याआधी नकाशाच्या सगळ्या ओळींची बेरीज सारखी करून घ्या, नाहीतर सहज वाचले जाणारे भाग पट्ट्यांसारखे चमकतात. जवळजवळ रिकाम्या ओळी मात्र आधीच वगळा, त्या या पायरीत भलत्याच फुगतात. फार लांबच्या अंतरावर अपेक्षित संख्या एकापेक्षा कमी असते, तिथे एखादा भरकटलेला रीडही दहापट वाढ दाखवतो. अशा ठिकाणी नकाशाची चौकट (एकत्र मोजायचा टप्पा) मोठी घ्या.